शके ७८२ की ९८२? अंबरनाथचा एक आकडा आणि बाळशास्त्र्यांचा वर्ग

अंबरनाथच्या शिवमंदिरात उत्तरेकडच्या दारावरच्या पट्टीवर, आतल्या अंगाला, एक लहानसा लेख कोरलेला आहे. महाशिवरात्रीला वालधुनीच्या काठी एवढी गर्दी लोटते, पण त्या दाराशी मान वर करून थांबणारे कमीच. लेखात शिलाहार घराण्यातला मामवाणी राजा आहे, त्याच्या अधिकाऱ्यांची नावे आहेत, आणि श्रीछित्तराजदेवाचे भवन पुरे केल्याची नोंद आहे. तिथी श्रावण शुद्ध नवमी. वाद आहे तो वर्षाच्या आकड्यावर.

हा लेख प्रथम नीट वाचून जगापुढे मांडला डॉ. भाऊ दाजी लाड यांनी. मुंबईच्या रॉयल एशियाटिक सोसायटीच्या नियतकालिकात, १८६० ते १८७० या दशकात, त्यांचे वाचन छापून आले. त्यांनी आकडा वाचला ७८२, म्हणजे इसवी सन ८६०. सरकारने १८६८मध्ये या देवळाची पाहणी करवली, चित्रकला शाळेच्या लोकांकडून नकाशे व साचे करून घेतले, आणि त्या साऱ्या कामावर ८६० हेच साल चढले. पुढे पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी लेख पुन्हा तपासला. पहिला आकडा सात नव्हे, नऊ. शके ९८२, म्हणजे इसवी सन १०६०. देऊळ एका फटक्यात दोनशे वर्षांनी अलीकडे आले, आणि आज आपण जे ‘१०६०चे मंदिर’ म्हणतो ते भगवानलालांमुळे.

दुरुस्ती किती बिनचूक होती हे समजायला भांडुपपर्यंत जावे. भांडुपला सापडलेला छित्तराजाचा ताम्रपट शके ९४८चा आहे. अंबरनाथच्या लेखात ज्याच्या भवनाचा उल्लेख आहे तो राजा शके ९४८मध्ये राज्य करत होता, तर ते भवन शके ७८२मध्ये पुरे होणारच नाही. दगडावरची अक्षरे झिजली असली तरी माणसांच्या नावांवरून वर्ष सावरता येते. एका आकड्याची चूक, आणि ती सुधारण्यासाठी दुसऱ्या गावचा तांब्याचा पत्रा.

मला या प्रसंगाचे वेड लागले ते त्यातल्या माणसांच्या नात्यामुळे. भगवानलाल हे भाऊ दाजींचेच माणूस. जुनागडचा हा तरुण १८६० नंतर मुंबईला आला तो भाऊ दाजींच्या कामासाठी. त्यांच्याच खर्चाने तो देशभर हिंडला, लेखांचे ठसे घेऊन आला. म्हणजे चूक काढणारा आणि चूक करणारा एकाच घरातले. आणि भाऊ दाजींच्या मागे, एक पिढी आधी, तिसरे नाव उभे आहे. ज्या एल्फिन्स्टन संस्थेत भाऊ दाजी शिकले, तिथे त्यांना शिकवणारा एक माणूस स्वतः कोकणातले शिलालेख आणि ताम्रपट वाचत होता, त्यांवर इंग्रजीत निबंध लिहीत होता, आणि असे निबंध लिहिणाऱ्या पहिल्या एतद्देशीयांपैकी होता. त्याचे नाव बाळ गंगाधरशास्त्री जांभेकर.

बाळशास्त्र्यांची गोष्ट आपल्याला पाठ आहे. दरवर्षी ६ जानेवारीला तालुक्यातालुक्याला पत्रकार दिन होतो. उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूर, तिन्ही गावांत तसबिरीला हार पडतो, ‘दर्पण’चे नाव घेतले जाते, आद्य पत्रकार म्हणून दोन शब्द होतात. त्यात खोटे काही नाही. पण माझी तक्रार अशी की त्या हाराखाली शिक्षक झाकला जातो. हा माणूस आयुष्यभर शिकवत होता. त्याने पत्र काढले तेही शिकवण्यासाठी, आणि त्याच्या हातून घडले त्यात वर्तमानपत्रापेक्षा वर्ग मोठा होता. हे माझे मत आहे आणि पुढचा सगळा लेख त्याच बाजूला कललेला आहे.

चरित्राचा ठळक भाग लवकर उरकतो. जन्म १८१२चा, देवगड तालुक्यातल्या पोंभुर्ल्याचा. वडील पौराणिक. चौदा-पंधराव्या वर्षाच्या सुमारास मुंबईला, बापू छत्रे यांच्या आश्रयाला. हे बापू छत्रे म्हणजे बॉम्बे नेटिव्ह एज्युकेशन सोसायटीचे नेटिव्ह सेक्रेटरी, ‘बाळमित्र’कार. मुलगा इतका तल्लख की विशीत पोचण्याआधी तो त्याच सोसायटीत डेप्युटी सेक्रेटरी झाला, आणि मग छत्र्यांच्या जागी सेक्रेटरी. मध्ये अक्कलकोटच्या राजपुत्राचा शिक्षक. १८३४मध्ये एल्फिन्स्टन कॉलेजात साहाय्यक प्राध्यापक. त्या जागी नेमलेला पहिला भारतीय. ऑर्लेबार आणि हार्कनेस हे विलायतेहून आणलेले प्राध्यापक रुजू झाले ते त्यानंतर, १८३५मध्ये. गणित, ज्योतिष, भूगोल, इतिहास, व्याकरण, काहीही शिकवण्याची तयारी. फ्रेंच, लॅटिन, ग्रीक, फारसी, बंगाली, गुजराती, कानडी अशा भाषांत गती. ‘शून्यलब्धिगणित’ नावाचे पुस्तक त्यांनी लिहिले आहे. कलनशास्त्र मराठीत आणण्याचा हा उद्योग पाहिला की छाती दडपते. १८४०मध्ये जस्टिस ऑफ द पीस. आणि मे १८४६मध्ये तापाने मृत्यू. वय चौतीसच्या आसपास.

आता ‘दर्पण’. ६ जानेवारी १८३२, शुक्रवार. आधी पाक्षिक, ४ मेपासून साप्ताहिक, आणि २६ जून १८४०ला शेवट. साडेआठ वर्षे. वर्गणीदार तीनशेच्या आसपास. या आकड्याला नाके मुरडू नयेत. त्या मुंबईत पैसे देऊन मराठी छापील मजकूर वाचणारे तीनशे लोक गोळा करणे म्हणजे वाचक नावाची जातच नव्याने तयार करणे होते. गुजरातीत ‘मुंबई समाचार’ दहा वर्षे आधी, १८२२पासून चालू होता. त्याच्यामागे व्यापाऱ्यांचा मोठा समाज होता. मराठीला तसा आधार नव्हता.

‘दर्पण’चे पान डोळ्यांपुढे आणावे. शेजारीशेजारी दोन स्तंभ, एकात इंग्रजी, दुसऱ्यात मराठी. हे द्वैभाषिक रूप साहेबाला एतद्देशीयांचे मत कळावे म्हणून आणि एतद्देशीयांना विलायती विद्या कळावी म्हणून, असे आपण म्हणत आलो. ते बरोबरच आहे. पण शिक्षकाच्या नजरेने पाहिले तर ते दोन स्तंभ म्हणजे उघडा वर्ग आहे. इंग्रजी शिकणाऱ्या मुलाला मराठीच्या आधाराने इंग्रजी वाचता येते. मराठी कारकुनाला कळते की पार्लमेंट, विमा, गुरुत्वाकर्षण यांवर मराठीत वाक्य कसे उभे करायचे. त्या काळी ही साधी अडचण नव्हती. मराठीत पत्रे होती, बखरी होत्या, करारमदार होते, ओव्या-अभंगांचा डोंगर होता. पण ज्याच्याशी आपली ओळख नाही अशा वाचकाला एखादी नवी गोष्ट क्रमाने समजावून सांगणारे गद्य फार थोडे होते. मोल्सवर्थचा कोश नुकताच १८३१मध्ये निघाला होता, म्हणजे शब्दांची मोजदाद झाली होती. त्या शब्दांनी आठवड्यामागून आठवडा काय लिहायचे, हे दाखवण्याचे काम विशीतल्या या मुलाने अंगावर घेतले. सोबत होते गोविंद विठ्ठल कुंटे ऊर्फ भाऊ महाजन.

हे भाऊ महाजन माझे आवडते. त्यांच्यावर स्वतंत्र लेख व्हायला हवा, इथे चार ओळीच. बाळशास्त्र्यांपासून हात चालवायला शिकलेल्या या माणसाने १८४१मध्ये स्वतःचा ‘प्रभाकर’ काढला, केवळ मराठीत. इंग्रजी स्तंभाची कुबडी त्यांनी टाकली. लोकहितवादींची शतपत्रे १८४८पासून छापली ती ‘प्रभाकर’नेच. गुरूने दोन भाषांत पान मांडले, शिष्याने एका भाषेत सरकारवर आणि समाजावर कोरडे ओढले. माझ्या लेखी ‘दर्पण’चे सर्वांत मोठे यश म्हणजे ‘प्रभाकर’.

‘दर्पण’ संपता संपता, मे १८४०मध्ये, बाळशास्त्र्यांनी ‘दिग्दर्शन’ हे मासिक सुरू केले. मराठीतले पहिले मासिक म्हणून ते ज्ञात आहे, पण वाचले जात नाही. भूगोल, पदार्थविज्ञान, इतिहास, प्राणिशास्त्र. बातम्या नाहीत. साप्ताहिकाकडून मासिकाकडे, म्हणजे बातमीकडून पाठाकडे, असा हा प्रवास आहे आणि तो माणसाचा कल दाखवतो. पत्रकारितेच्या सभांमध्ये ‘दिग्दर्शन’चे नाव एका श्वासात येऊन जाते. खरे तर तिथे हा लेखक सर्वांत मोकळा आहे.

‘दिग्दर्शन’च्या आधीचे एक साल मी वहीत ठळक करून ठेवले आहे, १८३६. त्या एका वर्षात मराठीची तीन व्याकरणे आली. दादोबा पांडुरंगांचे ‘महाराष्ट्र भाषेचे व्याकरण’, गंगाधरशास्त्री फडके यांचे व्याकरण, आणि बाळशास्त्र्यांचे ‘बालव्याकरण’. मुंबईसारख्या एका शहरात, एकमेकांना ओळखणारी तीन माणसे, एकाच वेळी आपल्या भाषेचे नियम लिहीत होती. अमुक शब्दाचे सामान्यरूप कसे, विभक्ती किती, क्रियापदाचे प्रयोग कोणते, यावर त्यांच्यात किती बोलणे झाले असेल! दादोबांचे व्याकरण पुढे सर्वांवर मात करून गेले आणि ‘मराठी भाषेचे पाणिनी’ ही पदवी त्यांना मिळाली. ती योग्यच होती. फडके शास्त्र्यांचे नाव दुसऱ्याच कारणासाठी लक्षात ठेवायला हवे, ते पुढे येते. मला मात्र तिघांत ‘बालव्याकरण’ जवळचे वाटते, कारण ते नावातच सांगते की समोर कोण बसले आहे. ते पंडितांसाठी नाही, मुलांसाठी आहे. त्यामागोमाग ‘सारसंग्रह’, १८३८मध्ये ‘नीतिकथा’. लिहायला शिकवायचे तर वाचायला काहीतरी हवे, आणि ते नव्हते, म्हणून तेही स्वतःच लिहायचे. शिक्षकाला पाठ्यपुस्तक लिहावे लागणे, पाठ्यपुस्तकासाठी शब्द घडवावे लागणे, आणि शब्द लोकांच्या कानी पडावेत म्हणून पत्र काढावे लागणे, अशी ती साखळी होती.

या वर्गात बसलेल्यांची नावे घेतली की वर्ग केवढा होता ते कळते. दादाभाई नवरोजी. भाऊ दाजी. केरो लक्ष्मण छत्रे. भाऊ दाजींनी विद्यार्थिदशेतच काठेवाड-कच्छमधल्या बालिकाहत्येवर निबंध लिहून पारितोषिक मिळवले; तो १८४७मध्ये छापला गेला. एखाद्या रूढीच्या मुळाशी जाऊन, पुरावा जमवून, आवाज न चढवता लिहायचे ही सवय त्या निबंधात आहे आणि तीच पुढे त्यांच्या शिलालेखांवरच्या कामात दिसते. बाळशास्त्री गेल्यावर दोन वर्षांनी, १८४८मध्ये, एल्फिन्स्टनच्या विद्यार्थ्यांनी आपली साहित्य आणि विज्ञान सभा काढली. तिच्या मराठी शाखेत, ज्ञानप्रसारक सभेत, निबंध वाचायचा, त्यावर चर्चा व्हायची, आणि १८५०पासून ‘मराठी ज्ञानप्रसारक’ मासिकात तसे निबंध छापले जात. पहिले अध्यक्ष दादोबा. सभेपुढे मोठ्याने वाचून दाखवल्यावर आपले वाक्य कुठे अडखळते ते लिहिणाऱ्यालाच कळते. निबंधलेखन शिकवण्याची याहून चांगली रीत मला आजही ठाऊक नाही. आपल्याकडे लेखन-कार्यशाळांना हल्ली दिवस आले आहेत, पण त्या चालवणाऱ्यांच्या बोलण्यात ज्ञानप्रसारक सभेचे नाव मी ऐकलेले नाही.

आता ज्या भांडणासाठी मी ग. गं. जांभेकरांनी १९५०मध्ये पुण्याहून काढलेले बाळशास्त्र्यांच्या चरित्राचे आणि लेखनाचे तीन खंड पुन्हा पुन्हा उघडतो, ते भांडण. जुन्या मराठी ग्रंथांसाठी मुंबईच्या उंबऱ्याशी ताटकळण्याऐवजी आमच्या बाजूच्या माणसाने बदलापूर गाठावे. श्याम जोशी यांनी तिथे ‘ग्रंथसखा’ उभारून असल्या पुस्तकांना निवारा दिला आहे. हे खंड जाडजूड आहेत, त्यांची मांडणी घरच्या माणसाच्या अभिमानाने केलेली आहे, आणि तरीही त्यातली कागदपत्रे अभिमानापेक्षा मोठी आहेत.

सप्टेंबर १८४३. नारायण शेषाद्री परळीकर या ब्राह्मण तरुणाने स्कॉटिश मिशनमध्ये ख्रिस्ती धर्म स्वीकारला. मिशनरी होते रॉबर्ट नेस्बिट. मुंबई हादरली. पण खरा पेच होता धाकट्या भावाचा, श्रीपतीचा. तो अजून मुलगाच होता. बाप्तिस्मा झालेला नव्हता, पण तो मिशनच्या घरी राहिला होता, त्यांच्या पंगतीला जेवला होता. वडिलांनी सुप्रीम कोर्टात धाव घेतली. कोर्टाने मुलगा अज्ञान आहे म्हणून त्याला वडिलांच्या स्वाधीन करायला लावले. पुढे हा निकाल न्यायमूर्ती अर्स्किन पेरी यांनी आपल्या निवाड्यांच्या संग्रहात छापला आणि मुलांच्या ताब्याच्या खटल्यांत तो दाखला म्हणून घेतला जाऊ लागला.

कोर्टाने मुलगा वडिलांना दिला. ज्ञातीने दिला नाही. परक्याच्या पंगतीला जेवलेल्या मुलाला घरात कसे घ्यायचे? घेतले तर घरच बहिष्कृत. इथे बाळशास्त्री मध्ये पडले. अजाण मुलाच्या हातून घडलेल्या गोष्टीला प्रायश्चित्त आहे, ते देऊन त्याला परत घेता येते, अशी त्यांची भूमिका होती, आणि ती नुसती दयेपोटी नव्हती. ते शास्त्र्याचे पुत्र होते. त्यांनी शास्त्राचे आधार काढले. विरोध कडवा होता. मुंबईतल्या सनातनी मंडळींनी त्यांच्यावरच बहिष्काराची भाषा सुरू केली. सरकारी हुद्दा, कॉलेजातली प्रतिष्ठा, जस्टिस ऑफ द पीस हा मान, यातले काही त्या वेळी ज्ञातीच्या पंगतीत उपयोगाचे नव्हते. तरी त्यांनी मुलाला हिंदू धर्मात परत घेण्याची व्यवस्था केली.

या प्रकरणाकडे दोन्ही बाजूंनी पाहायला हवे. बाळशास्त्री मिशनऱ्यांच्या विरोधात उभे राहिले म्हणून त्यांना धर्मरक्षक म्हणणारे एका बाजूला. सनातन्यांच्या विरोधात उभे राहिले म्हणून क्रांतिकारक म्हणणारे दुसऱ्या बाजूला. मला ते शिक्षक दिसतात. श्रीपतीच्या वयाची मुले त्यांच्यापुढे रोज बसत होती. इंग्रजी शिकायला मुलगा पाठवला तर तो बाटेल, ही भीती मुंबईतल्या प्रत्येक घरात होती, आणि एकदा बाटला तर परतीची वाट नाही, ही भीती त्याहून मोठी. परतीची वाट उघडली नाही तर पालक शाळाच बंद करतील, हे बाळशास्त्र्यांना कळत होते. त्यांनी मुलासाठी लढा दिला आणि त्याचबरोबर शाळेसाठीही. याच कारणाने मला हा त्यांच्या आयुष्यातला सर्वांत धीट काळ वाटतो. ‘दर्पण’मध्ये ते सावध असत, विधवाविवाहासारख्या विषयावरही पावले मोजून टाकत. तो विषय त्यांनी सोडला मात्र नव्हता: विधवांच्या पुनर्विवाहाला शास्त्रात आधार आहे हे दाखवणारा ग्रंथ त्यांनी गंगाधरशास्त्री फडके यांच्याकडून लिहवून घेतला. व्याकरणकार फडके ते हेच. दुसऱ्याकडून लिहवून घेणे हाही शिक्षकाचाच गुण.

थोरला भाऊ नारायण शेषाद्री पुढे मोठा मिशनरी झाला. जालन्याजवळ ‘बेथेल’ नावाची वसाहत त्याने वसवली. मराठवाड्यातल्या ख्रिस्ती समाजाच्या इतिहासात त्याला स्वतंत्र आणि मानाचे पान आहे. एका घरातले दोन मुलगे. एकावरून मुंबईने सुप्रीम कोर्ट गाजवले, दुसऱ्याने जालना गाठून दलित-वंचितांसाठी गाव वसवले. मराठी समाजाने श्रीपतीचे भांडण लक्षात ठेवले, नारायणाचे काम विसरला. मला ही विस्मृती बरी वाटत नाही.

श्रीपती प्रकरणाचा धुरळा खाली बसतो न बसतो तोच, १८४५मध्ये, बाळशास्त्र्यांकडे नॉर्मल क्लासचे संचालकपद आले. मराठी शाळांना शिक्षक हवे होते, ते इथे तयार व्हायचे. त्याच वर्षी त्यांनी ज्ञानेश्वरी शिळाछापावर छापून काढली. ज्ञानेश्वरीची ती पहिली छापील आवृत्ती. एका हाताने गावोगावच्या शाळांसाठी पंतोजी घडवायचे आणि दुसऱ्या हाताने साडेपाचशे वर्षांपूर्वीचा ग्रंथ छापील पानावर आणायचा. नॉर्मल क्लास हे माझ्या मते त्यांच्या आयुष्याचे खरे फळ होते. ‘दर्पण’ तीनशे घरांत जात होता. नॉर्मल क्लासमधून निघालेला एक शिक्षक आपल्या गावी आयुष्यभरात किती मुलांच्या हातात पाटी देईल, याचा हिशेब त्यांनी नक्की केला असणार. पण वर्ग सुरू होऊन वर्ष-दीड वर्ष झाले नाही तोच ते गेले.

त्यांच्या मागे नॉर्मल क्लासची सूत्रे दादोबांकडे आली. आणि १८४७मध्ये बोर्ड ऑफ एज्युकेशनमध्ये भाषेचे मोठे भांडण पेटले. बोर्डाचे अध्यक्ष होते तेच अर्स्किन पेरी, ज्यांच्या संग्रहात श्रीपतीचा निवाडा आहे. पेरींचे म्हणणे, शिक्षण इंग्रजीतून द्यावे. समोर उभे राहिले जगन्नाथ शंकरशेट, आणि त्यांच्या बाजूला फ्रामजी कावसजी, मोहम्मद इब्राहिम मकबा आणि कर्नल जॉर्ज जर्व्हिस. बहुसंख्य लोकांपर्यंत विद्या पोचवायची तर ती देशी भाषांतूनच पोचेल, असे शंकरशेटांनी आपल्या टिपणात ठामपणे लिहिले. उच्च शिक्षणात शेवटी इंग्रजीचाच पक्ष वरचढ ठरला. या वादात ज्याच्याकडे दोन्ही भाषांतल्या अध्यापनाचा सर्वांत मोठा अनुभव होता तो माणूस वर्षभरापूर्वी गेलेला होता. ‘दर्पण’चे दोन स्तंभ ज्याने आठ वर्षे शेजारीशेजारी चालवले, तो या बोर्डापुढे साक्षीला उभा राहायला हवा होता. ही माझी हळहळ आहे आणि ती मी लपवणार नाही.

मुंबई इलाख्याच्या शिक्षणखात्याचा हात पुढे कुठवर पोचला याचा एक धागा उल्हासनगरात सापडतो. सिंध १८४७पासून मुंबई इलाख्यात होता. सिंधी भाषा कोणत्या लिपीत शिकवायची हा तिथला जळता प्रश्न. १८५३मध्ये अरबी वळणाची बावन्न अक्षरांची लिपी सरकारने ठरवली. पण हिंदू व्यापारी, दुकानदार आपले हिशेब जुन्या हटवाणिका वळणांत लिहीत, आणि ते अक्षर एका गावचे दुसऱ्या गावी वाचले जाईना. १८६८मध्ये हे अक्षर घासूनपुसून शाळेत शिकवण्याजोगे करण्याचे काम खात्याने सोपवले ते सिंधचे डेप्युटी एज्युकेशनल इन्स्पेक्टर नारायण जगन्नाथ वैद्य यांच्याकडे. कराचीतली १८५५ची पहिली सरकारी शाळा पुढे त्यांच्याच नावाने ओळखली गेली आणि आजही ती एन. जे. व्ही. शाळा म्हणून उभी आहे. बाळशास्त्र्यांनी मराठी मुलांसाठी ‘बालव्याकरण’ लिहिले. पाव शतक उलटून गेल्यावर त्याच इलाख्याच्या खात्यातला एक अधिकारी सिंधी दुकानदारांच्या मुलांसाठी अक्षरांना मात्रा लावत होता.

फाळणीनंतर त्या दुकानदारांची नातवंडे-पणतवंडे कल्याण कॅम्पच्या लष्करी बराकींत आली. ८ ऑगस्ट १९४९ला त्या वस्तीचे उल्हासनगर झाले. अरबी सिंधी की देवनागरी सिंधी, हा वाद ते सामानाबरोबर घेऊन आले, आणि तो इथे घराघरांत चालला. १९६७मध्ये सिंधी राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत आली. कॅम्पात वाढलेल्या आजच्या मुलांपैकी पुष्कळांना आजोबांच्या हातची वही वाचता येत नाही. वैद्यांनी घडवलेली लिपीही टिकली नाही. उल्हासनगरच्या मराठी आणि सिंधी शिक्षकांनी एकत्र बसून नारायण जगन्नाथ वैद्य यांचे काम शोधून काढावे, त्यांच्या अक्षरांची पाटी मुलांना दाखवावी, अशी माझी फार दिवसांची इच्छा आहे. भाषांच्या शेजाराची इतकी थेट कहाणी या पट्ट्यात दुसरी नाही.

अंबरनाथच्या आकड्याकडे पुन्हा एकदा वळायला हवे, कारण एक प्रश्न राहिला आहे. भाऊ दाजींची चूक भगवानलालांनी उघडपणे छापली, ती कोणत्या धैर्याने? भाऊ दाजी म्हणजे दोनदा मुंबईचे शेरीफ, नामांकित डॉक्टर, अजिंठ्याच्या लेखांचे वाचक, कालिदासाच्या काळावर लिहिणारे पंडित. आणि भगवानलाल त्यांच्या पदरी राहिलेले. आपल्याकडे गुरूच्या वाचनात खोट काढणे अजूनही उद्धटपणा समजतात. पण या मंडळींची शाळाच निराळी होती. ठसा पुन्हा घ्यायचा, अक्षर पुन्हा लावायचे, दुसऱ्या ताम्रपटाशी ताडून पाहायचे, आणि जे दिसेल ते छापायचे. भाऊ दाजींनी भगवानलालांना हेच शिकवले होते. भाऊ दाजी ते जिथे शिकले त्या एल्फिन्स्टनच्या वर्गात बाळशास्त्री मुलांना गणितही शिकवत आणि ताम्रपटही वाचत. तिथे उत्तर चुकले तर पुन्हा मांडायचे, ते कोणाचे आहे हे पाहायचे नाही.

‘दिग्दर्शन’चे अंक आज सामान्य वाचकाला सहज मिळत नाहीत. १९५०च्या तीन खंडांचे इंग्रजी शीर्षक पाहूनच मराठी शिक्षक ते खाली ठेवतो. ‘बालव्याकरण’, ‘नीतिकथा’, ‘दिग्दर्शन’मधले निवडक पाठ, ‘दर्पण’ची दोन्ही स्तंभांसह काही पाने आणि श्रीपती प्रकरणाची कागदपत्रे, एवढे एका खंडात, टिपांसह, शाळामास्तरला परवडेल अशा किमतीत निघायला हवे. महाराष्ट्रात साहित्य संस्कृती मंडळ आहे, विद्यापीठे आहेत, पत्रकार संघ आहेत. ६ जानेवारीच्या एका वर्षाच्या हारांच्या खर्चात हे पुस्तक निघेल, आणि ते निघाले तर पहिली प्रत अंबरनाथच्या एखाद्या नगरपालिका शाळेच्या कपाटात जावी.